तुमचे प्रश्न: एमी गुडमन, तिचा माइक आणि तिचे पैसे

मागच्या अंकात मी सहज लिहून गेले की संध्याकाळी भाकऱ्या टाकताना माझ्या कानात एका अमेरिकन बाईचा आवाज असतो, एमी गुडमनचा, आणि तिच्या 'डेमॉक्रसी नाऊ' या बातम्यांच्या कार्यक्रमाने माझी बातमी ऐकायची सवयच बदलून टाकलीय. दोनच वाक्यं होती. त्यावर एवढी पत्रं आणि मेसेज आले की या वेळचं अख्खं सदर तिलाच देतेय. सारखे प्रश्न एकत्र केलेत, नावं छापत नाही, फक्त गावं देतेय.

ताई, ही एमी गुडमन नक्की कोण? आमच्या घरात कोणालाच माहीत नाही. आणि अमेरिकेत एवढे चॅनेल असताना हिचंच का ऐकायचं?
— एक वाचक, नाशिक

तुमच्या घरात माहीत नाही यात नवल नाही, अमेरिकेतही मोठे चॅनेल बघणाऱ्या कित्येकांना ती माहीत नसते. जन्म 13 एप्रिल 1957, वॉशिंग्टनचा, पण वाढली न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर, बे शोअर नावाच्या गावात. वडील डोळ्यांचे डॉक्टर, आई साहित्य शिकवायची आणि पुढे समाजकार्यात गेली, आजोबा रब्बी, म्हणजे ज्यूंचे धर्मगुरू. भाऊ डेव्हिडने लहान असतानाच घरच्या घरी एक पेपर काढला होता, 'डेव्हज प्रेस' नावाचा, त्यात घरातलेच लोक वाचकांची पत्रं पाठवायचे आणि व्हिएतनाम युद्धावरून आजोबा आणि नातवाचा वाद त्या पेपरातून चालायचा. मला हे फार आवडतं. म्हणजे ज्या घरात आजोबांचं म्हणणं पटलं नाही तर गप्प बसायचं नाही, लिहून उत्तर द्यायचं, आणि आजोबांनीही ते मनावर घेऊन परत लिहायचं, त्या घरातली ही मुलगी. वडील गावातल्या शाळांमध्ये काळी आणि गोरी मुलं एकत्र शिकावीत म्हणून काम करायचे आणि भर सभेत लोक त्यांच्या अंगावर ओरडायचे, ते सगळं तिने लहानपणी बघितलंय.

1984 मध्ये हार्वर्डच्या रॅडक्लिफमधून मानववंशशास्त्रात पदवी घेतली. प्रबंधाचा विषय होता डेपो प्रोव्हेरा, बायकांना द्यायचं गर्भनिरोधक इंजेक्शन. आणि मग 1985 ला ती न्यूयॉर्कच्या डब्ल्यूबीएआय या रेडिओ स्टेशनवर आली. आली ती तिथलीच झाली, बातमी विभागाची प्रमुख म्हणून साधारण दहा वर्षं काढली. तिथूनच 19 फेब्रुवारी 1996 ला 'डेमॉक्रसी नाऊ' सुरू झालं, निवडणुकीचं वर्ष होतं आणि निवडणुकीपुरताच रोजचा कार्यक्रम अशी कल्पना होती. पण त्यांनी उमेदवारांच्या मागे धावायच्या ऐवजी गावोगावी लोक काय करतायत, कशासाठी झगडतायत ते दाखवायचं ठरवलं, आणि निवडणूक संपली तरी लोक म्हणाले चालू ठेवा. सोबत हुआन गोन्झालेस पहिल्यापासून आहे, पोर्तो रिकोत जन्मलेला, 2016 पर्यंत न्यूयॉर्कच्या डेली न्यूजमध्ये स्तंभलेखक होता. नऊ स्टेशनांवर सुरू झालेला कार्यक्रम आज 1,400 हून जास्त रेडिओ आणि टीव्ही स्टेशनांवर लागतो.

हिचंच का ऐकायचं, तर इतर ठिकाणी युद्धाची बातमी लागली की समोर निवृत्त जनरल बसलेले असतात आणि हिच्याकडे ज्याच्या घरावर बॉम्ब पडला तो माणूस बोलतो. तेही दहा सेकंद नाही. दहा-पंधरा मिनिटं, अडखळत, भाषा तुटकी असली तरी, मध्ये कोणी तोडत नाही.

तिला सैनिकांनी मारहाण केली होती असं ऐकलं. हे कुठे, कधी? जरा सविस्तर सांगाल का?
— मडगाव, गोवा

गोव्याहून हा प्रश्न आला म्हणून जास्तच बरं वाटलं, कारण ही गोष्ट पूर्व तिमोरची, म्हणजे इंडोनेशियाला लागून असलेल्या एका छोट्या देशाची आहे, आणि एके काळी तिमोरचा कारभार गोव्यातूनच चालायचा, दोन्हीकडे राज्य पोर्तुगीजांचं. गोवा 1961 ला सुटला. तिमोर 1975 पर्यंत पोर्तुगीजांकडेच होता, पण 1974 मध्ये पोर्तुगालमध्येच क्रांती झाली होती आणि मग ते निघाले. 28 नोव्हेंबर 1975 ला तिमोरने स्वातंत्र्य जाहीर केलं आणि 7 डिसेंबरला, म्हणजे नऊ दिवसांत, इंडोनेशियाचं सैन्य आत घुसलं. आदल्याच दिवशी अमेरिकेचे अध्यक्ष फोर्ड आणि परराष्ट्रमंत्री किसिंजर जकार्तात इंडोनेशियाचे अध्यक्ष सुहार्तो यांना भेटून गेले होते, आणि आम्ही समजून घेऊ, तुमच्यावर दबाव आणणार नाही, असं त्यांना सांगून गेले होते, ते कागद पुढे उघड झाले. त्यानंतरच्या वर्षांत एक लाखाहून जास्त माणसं मेली, कोणी गोळीने, कोणी उपासमारीने, कोणी आजाराने. केवढासा तो देश, सहा-सात लाख वस्तीचा.

आणि जगाला पत्ता नव्हता, कारण तिथे पत्रकारच नव्हते. 1975 मध्येच बालिबो गावात ऑस्ट्रेलियन टीव्हीचे पाच जण मारले गेले, आणि त्यांचं काय झालं ते शोधायला गेलेल्या रॉजर ईस्ट या पत्रकारालाही राजधानी दिलीच्या धक्क्यावर मारलं.

तर 1991 मध्ये एमी आणि तिचा सहकारी ॲलन नेर्न तिथे होते. सेबास्तियाँव गोमेस नावाच्या तरुणाला ऑक्टोबरच्या शेवटी सैनिकांनी एका चर्चपाशी मारलं होतं, त्याच्यासाठी 12 नोव्हेंबरला सकाळी प्रार्थना झाली आणि लोक चर्चमधून सांताक्रूझच्या दफनभूमीकडे निघाले. हजारो लोक. शाळेच्या गणवेशातल्या पोरी, म्हाताऱ्या बायका. कापडावर लिहिलेले फलक शर्टाच्या आत लपवून आणलेले, ते बाहेर काढून धरलेले. दफनभूमीपाशी पोचले तर समोरून सैनिक आले, दहा-बारा जणांची रांग, तिच्यामागे रांग, हातात अमेरिकन एम-16 बंदुका.

एमी आणि ॲलन मागे सरकले नाहीत. एरवी ते आपलं सामान लपवून फिरायचे, त्या दिवशी एमीने हेडफोन कानाला लावले, माइक वर धरला, ॲलनने कॅमेरा डोक्यावर धरला आणि दोघं गर्दीच्या पुढे जाऊन उभे राहिले. त्यांना वाटलं परदेशी पत्रकार बघून सैनिक थांबतील. सैनिक त्यांच्या बाजूने पुढे गेले आणि काही न बोलता, कसला इशारा न देता गोळ्या झाडायला लागले. मग काही जण मागे वळले. एमीचा माइक हिसकावला आणि तिच्या तोंडासमोर हलवला. मग तिला खाली पाडून लाथा घातल्या, ॲलनने तिच्यावर अंग टाकलं तर बंदुकीच्या दस्त्यांनी त्याला मारलं, इतकं की कवटीला तडा गेला. रोखलेल्या बंदुकांसमोर दोघं अमेरिका, अमेरिका ओरडत होते. सैनिकांनी विचारलं, ऑस्ट्रेलियन? नाही, अमेरिका. आणि सोडलं.

एमीने नंतर अनेकदा सांगितलंय की आम्ही वाचलो ते त्यांच्या हातातली हत्यारं ज्या देशातून आली त्या देशाचे होतो म्हणून. त्या दिवशी अडीचशेहून जास्त तिमोरी मेले. एक ब्रिटिश कॅमेरामन, मॅक्स स्टाल, त्याने हे सगळं शूट केलं, पकडलं जाण्याआधी टेप तिथल्याच एका थडग्यात पुरल्या आणि रात्री येऊन उकरून काढल्या. ती फिल्म टीव्हीवर गेली आणि एमी-ॲलननी अमेरिकेत परत जाऊन जिथे जाता येईल तिथे जाऊन सांगितलं, रेडिओवर माहितीपट केला. 1992 मध्ये अमेरिकन काँग्रेसने इंडोनेशियन सैन्याच्या प्रशिक्षणाचे पैसे बंद केले. 1999 च्या ऑगस्टमध्ये सार्वमत झालं, 78 टक्क्यांहून जास्त लोकांनी स्वातंत्र्याला मत दिलं, आणि 20 मे 2002 ला देश स्वतंत्र झाला. हे काही दोन पत्रकारांमुळे झालं असं मी म्हणणार नाही, लढले तिमोरी लोक, मेलेही तेच. पण ज्या हत्याकांडाला साक्षीदार नसतो ते झालंच नाही असं म्हणता येतं. इंडोनेशियन लष्कराला ते म्हणता आलं नाही.

क्लिंटन यांनी तिला उद्धट म्हटलं होतं असं वाचलं. खरं का?
— एक वाचक, ठाणे

खरं. 7 नोव्हेंबर 2000, अमेरिकेत मतदानाचा दिवस. क्लिंटन एकामागून एक रेडिओ स्टेशनना फोन लावत होते, दोन मिनिटं बोलायचं, बाहेर पडा आणि अल गोर आणि हिलरीला मत द्या म्हणायचं, की पुढचं स्टेशन. तसाच डब्ल्यूबीएआयलाही फोन आला. एमी धावत स्टुडिओत गेली आणि प्रश्न सुरू केले. दोन्ही पक्ष कंपन्यांच्या पैशाने विकत घेतलेत असं ज्या लोकांना वाटतं त्यांना काय सांगाल, इराकवरच्या निर्बंधांमुळे पोरं मरतायत त्याचं काय, फाशीची शिक्षा, पोर्तो रिकोच्या व्हिएकेस बेटावरचा अमेरिकन नौदलाचा बॉम्बफेकीचा सराव, लेनर्ड पेल्टियरला माफी देणार का. अर्धा तास चाललं. मध्ये एकदा क्लिंटन म्हणालेच, की तुमचे प्रश्न शत्रुत्वाचे आहेत, भांडखोर आहेत, अपमान करणारे आहेत. तिने पुढचा प्रश्न विचारला.

नंतर व्हाइट हाऊसमधून तक्रार आली की ठरलेला वेळ पाळला नाही, विषय पाळले नाहीत. तिचं म्हणणं सरळ होतं, फोन त्यांनी केला होता, जगातला सगळ्यात ताकदवान माणूस आहे, ठेवायचा होता तर ठेवू शकले असते.

पेल्टियरचं पुढे काय झालं ते सांगते, कारण हे मला राहूनराहून आठवतं. तो मूळ अमेरिकी आदिवासींच्या चळवळीतला माणूस, दोन एफबीआय एजंटांच्या खुनासाठी दोन जन्मठेपा झालेल्या. क्लिंटन यांनी सोडलं नाही. नंतर बुश, ओबामा, ट्रम्प, कोणीच नाही. शेवटी 20 जानेवारी 2025 ला, अगदी जाता जाता, बायडन यांनी त्याची शिक्षा बदलली आणि तो फेब्रुवारीत घरी आला, ऐंशीचा होऊन. तिने प्रश्न विचारला त्याला तोवर चोवीस वर्षं झाली होती, आणि मधल्या काळात ती तो विचारायची थांबली नव्हती.

तिच्या कार्यक्रमाला जाहिराती नाहीत, सरकारी पैसा नाही म्हणतात, मग चालतं कसं? आम्ही चार जणांनी तालुक्यात छोटं बातम्यांचं चॅनेल काढलंय आणि दर महिन्याला भाडं कसं भरायचं हाच प्रश्न असतो.
— सांगली जिल्ह्यातून

खरं तर हे सगळं सदर मी या प्रश्नासाठीच लिहितेय. एमीबद्दल लोक बोलतात ते तिच्या धाडसाबद्दल, आणि धाडस आहेच, पण धाडसी पत्रकार आपल्याकडेही कमी नाहीत हो. तुम्ही चार जण आहातच. फरक पडतो तो भाडं कोण भरतं इथे.

डब्ल्यूबीएआय ज्या पॅसिफिका नावाच्या संस्थेचं आहे ती लुईस हिल या माणसाने 1946 मध्ये काढली. हा दुसऱ्या महायुद्धात लढायला नकार दिलेला शांततावादी. 1949 च्या एप्रिलमध्ये कॅलिफोर्नियात बर्कलीला त्यांचं पहिलं स्टेशन सुरू झालं, केपीएफए, आणि त्याने ठरवलं की जाहिरात घ्यायची नाही, ऐकणाऱ्याने पैसे द्यायचे. तेव्हा हे लोकांना वेडेपणाचंच वाटलं असणार, कारण रेडिओ तर फुकट ऐकू येतो, पैसे न देणाऱ्यालाही येतो, मग कोण देईल? पण दिले लोकांनी. पुढे ह्यूस्टन, लॉस एंजेलिस, वॉशिंग्टन, न्यूयॉर्क अशी बर्कलीसकट पाच स्टेशनं झाली. ह्यूस्टनच्या स्टेशनचा ट्रान्समीटर 1970 मध्ये कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्णद्वेष्ट्यांच्या संघटनेने बॉम्बने उडवला, तो परत उभा केला, तर परत उडवला, तरी स्टेशन चालूच राहिलं.

आता विचार करा, जाहिरातीवर चालणाऱ्या कुठल्या स्टेशनने आपली बातमीदार तिमोरला पाठवली असती? तिमोर कुठे आहे हेही ज्यांना माहीत नाही अशा श्रोत्यांसाठी? किंवा नायजेरियाचं बघा. 1998 मध्ये एमी आणि तिचा तरुण सहकारी जेरेमी स्केहिल नायजर डेल्टात गेले, तिथे मे महिन्यात शेवरॉन कंपनीच्या समुद्रातल्या तेलाच्या प्लॅटफॉर्मवर गावकरी ठाण मांडून बसले होते, आमचं पाणी, आमचे मासे नासले त्याचं बोला म्हणून, आणि नायजेरियन नौदल आणि पोलिसांनी येऊन गोळ्या घातल्या, दोघं मेले. एमीने कंपनीच्याच प्रवक्त्याला रेकॉर्डिंग चालू असताना विचारलं आणि त्याने कबूल केलं की सैनिकांना कंपनीच्या हेलिकॉप्टरमधून नेलं होतं. त्या माहितीपटाला जॉर्ज पोल्क हा अमेरिकन पत्रकारितेतला पुरस्कार मिळाला. पुढे अमेरिकेत खटला झाला, 2008 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या ज्युरीने शेवरॉनला जबाबदार धरलं नाही, तेही सांगायला हवं. पण तेल कंपन्यांच्या जाहिराती घेणाऱ्या चॅनेलवर तो प्रवक्ता त्या खुर्चीत बसला तरी असता का?

पण गोष्ट इथे संपत नाही, आणि तुमच्या कामाची गोष्ट पुढेच आहे. श्रोत्यांच्या पैशावर चालणारी संस्थाही फिरू शकते. 2000 च्या डिसेंबरमध्ये पॅसिफिकाच्या वरच्या लोकांनी डब्ल्यूबीएआयच्या मॅनेजरना काढलं, रातोरात कुलपं बदलली. वाद इतका वाढला की 2001 च्या ऑगस्टमध्ये एमीची टीम स्टेशन सोडून बाहेर पडली आणि न्यूयॉर्कच्या चायनाटाउनमध्ये एका जुन्या फायर ब्रिगेडच्या इमारतीत, एका सामुदायिक टीव्ही संस्थेच्या जागेत, वरच्या माळ्यावर बसून कार्यक्रम करायला लागली. पॅसिफिकाच्या आपल्याच बहुतेक स्टेशनांनी तो लावणं बंद केलं होतं.

आणि तीन-चार आठवड्यांत 11 सप्टेंबर उजाडला. जुळे मनोरे तिथून काही चौकांवर. सगळा भाग पोलिसांनी रिकामा केला, आणि ही मंडळी बाहेर पडली नाहीत, कारण एकदा बाहेर पडलं की परत आत सोडणार नाहीत, म्हणून तिथेच राहिली, तिथेच झोपली. त्याच इमारतीत टीव्हीचे कॅमेरे होते. तेव्हा रेडिओचा कार्यक्रम शूट करून केबलवरच्या लोकांसाठी राखीव चॅनेलवर लावायला सुरुवात झाली. अमेरिकेत बऱ्याच शहरांत केबल कंपनीला एक-दोन चॅनेल सर्वसामान्य नागरिकांना द्यावे लागतात, तसल्या चॅनेलवर. म्हणजे आज आपण बघतो तो टीव्ही कार्यक्रम स्टुडिओतून हाकललेल्या अवस्थेत जन्मला. 2002 मध्ये पॅसिफिकाशी समेट झाला आणि 'डेमॉक्रसी नाऊ' स्वतःची वेगळी ना-नफा संस्था झाली. पैसे प्रेक्षकांच्या आणि फाउंडेशनांच्या देणग्यांतून, जाहिरात नाही, कंपनीचं प्रायोजकत्व नाही, सरकारचा पैसा नाही. आणि कार्यक्रम एकाच्या हातात नाही, शेकडो छोट्या स्टेशनांवर पसरलेला, एकाने बंद केला तरी बाकीचे आहेत.

तर तुम्ही चौघांनी दोन गोष्टी बघा असं मला मनापासून वाटतं. एक, भाडं भरणारे जितके जास्त आणि जितके छोटे तितकं बरं, एका साखर कारखान्याच्या पानभर जाहिरातीपेक्षा दोनशे माणसांचे महिन्याचे पन्नास रुपये बरे, जमवायला जीव निघतो पण जमतात. दुसरं, सगळं एकाच युट्यूब चॅनेलवर ठेवू नका. उद्या स्ट्राइक, म्हणजे युट्यूबची ताकीद, आली, पोच कमी केली, तर तुमच्याकडे काय उरतं? व्हॉट्सॅप गट, छापील पानं, ऑडिओ, बाजारच्या दिवशी फलक, जे जमेल ते.

पण ताई, ती पत्रकार कमी आणि आंदोलक जास्त वाटते. सगळं एका बाजूचंच असतं. तिला अटकही झाली होती ना?
— एक वाचक, पुणे

अटक झाली होती. 1 सप्टेंबर 2008 ला मिनेसोटात सेंट पॉलला, रिपब्लिकन पक्षाच्या अधिवेशनाच्या वेळी. ती आत प्रतिनिधींच्या मुलाखती घेत होती, फोन आला की बाहेर तिच्या दोन प्रोड्युसरना पोलिसांनी पाडून पकडलंय, ती धावत गेली, पोलिसांच्या रांगेसमोर उभी राहून म्हणाली तुमच्या अधिकाऱ्याशी बोलायचंय, आणि तिलाच हात मागे बांधून नेलं. गळ्यात अधिवेशनाचं ओळखपत्र होतं ते ओढून काढलं. आरोप मागे घेतले, आणि 2011 मध्ये एक लाख डॉलर भरपाई देऊन पोलिसांनी प्रकरण मिटवलं, पत्रकारांशी कसं वागायचं याचं प्रशिक्षण द्यायचंही कबूल केलं.

दुसरं नॉर्थ डकोटाचं. 3 सप्टेंबर 2016, शनिवार, सुट्टीचा आठवडा, दुसरा एकही मोठा चॅनेल तिथे नाही. स्टँडिंग रॉकच्या सू आदिवासींनी आदल्याच दिवशी कोर्टात कागद दिले होते की तेलाच्या पाइपलाइनच्या वाटेत आमच्या पूर्वजांची थडगी कुठेकुठे आहेत, आणि दुसऱ्या दिवशी नेमक्या त्याच जागेवर बुलडोझर. लोक आत घुसले तर कंपनीच्या रक्षकांनी कुत्री सोडली. एमी कॅमेरा घेऊन मधोमध. तिचा आवाज ऐका त्या व्हिडिओत, ती ओरडून विचारतेय की या कुत्र्याच्या तोंडाला रक्त लागलंय, तुम्ही त्याला लोकांवर का सोडताय. तो व्हिडिओ कोटभराहून जास्त वेळा बघितला गेला. पाच दिवसांनी तिच्यावरच वॉरंट निघालं, आधी बेकायदा घुसखोरीचं, मग ते बदलून दंगलीचं. 17 ऑक्टोबरला ती स्वतःहून मँडन गावात आली आणि न्यायाधीशांनी दंगलीच्या आरोपावर सही करायलाच नकार दिला.

आता तुमचा मूळ मुद्दा. तिचा कल डावीकडे आहे, ती तो लपवत नाही, आणि उजव्या विचारांचे पाहुणे तिच्याकडे कमी येतात हे माझंही निरीक्षण आहे, कधीकधी मलाही वाटतं की इथे एक विरोधी आवाज असता तर मुद्दा जास्त तावून-सुलाखून निघाला असता. हा दोष मी मान्य करते. पण एकांगी आणि खोटं यात फरक करा. कुत्र्याच्या तोंडाला रक्त होतं की नव्हतं? होतं, दिसतंय. डेमॉक्रॅट अध्यक्षालाही तिने सोडलं नाही हे वर सांगितलंच, आणि ओबामांच्या काळातल्या ड्रोन हल्ल्यांवर तिने केलं तेवढं फार कमी लोकांनी केलं. 2008 मध्ये तिला राइट लाइव्हलीहुड पुरस्कार मिळाला, ज्याला पर्यायी नोबेल म्हणतात. तोच जो 1991 मध्ये नर्मदा बचाव आंदोलनासाठी मेधाताई आणि बाबा आमटे यांना मिळाला होता. पत्रकार म्हणून तो मिळवणारी ती पहिली.

आपल्याकडे रेडिओवर असं काही का नाही? एफएमवर नुसती गाणी आणि बडबड.
— सोलापूर

कारण परवानगीच नाही. आपल्याकडे खासगी एफएमला स्वतःच्या बातम्या द्यायला बंदी आहे, फार तर आकाशवाणीचं बातमीपत्र जसंच्या तसं लावता येतं. कम्युनिटी रेडिओलाही तेच. सुप्रीम कोर्टाने 1995 मध्येच सांगितलं होतं की हवेतल्या लहरी ही जनतेची मालमत्ता आहे, तरी बातमी सोडून बाकी सगळं असा प्रकार आहे. म्हसवडला माणदेशी तरंग वाहिनी आहे, माणच्या दुष्काळी भागात बायका स्वतः चालवतात, शेती, आरोग्य, हिशेब, सगळं बोलतात, किती सुंदर काम आहे, पण ग्रामपंचायतीत काल काय झालं याची बातमी म्हणून त्यांना सांगता येत नाही. मला याचं खरंच वाईट वाटतं. आमच्या घरी वडील सकाळी सात पाचच्या पुणे केंद्राच्या बातम्या लागल्या की चहाचा कप खाली ठेवायचे, एवढा त्या आवाजावर विश्वास. तो विश्वास गावातल्या आवाजाला मिळाला असता तर काय झालं असतं.

म्हणून आपल्याकडे ही सगळी माणसं युट्यूबवर आली. रवीश कुमार 2022 च्या नोव्हेंबरमध्ये एनडीटीव्ही सोडून आले, मॅगसेसे मिळालेला माणूस, आता स्वतःच्या खोलीतून बोलतो. पी. साईनाथ यांनी 2014 मध्ये 'परी' सुरू केलं, खेड्यांतल्या बातम्या, लोकांच्या देणग्यांवर, आणि ते मराठीतही वाचता येतं, जरूर वाचा.

मी पत्रकारितेच्या दुसऱ्या वर्षाला आहे. मला अशा ठिकाणी काम करायचंय. सुरुवात कुठून करू?
— कोल्हापूर

तुला स्केहिलचं सांगते, वर नाव आलंच आहे त्याचं. कॉलेज अर्धवट सोडलेला पोरगा, रेडिओवर एमीला ऐकलं आणि तिला पत्रांवर पत्रं लिहिली, काहीही काम द्या, झाडलोट सांगा, पण आत येऊ द्या. शेवटी तिने घेतलं. काही वर्षांत तिच्यासोबत नायजेरियाला जाऊन पोल्क पुरस्कार घेऊन आला.

फुकट राब असं मी तुला सांगत नाहीय, आपल्याकडे इंटर्नशिपच्या नावाखाली पोरांना कसं पिळतात ते मला माहितीय. सांगायचं ते हे, की तो काम शिकला ते एमीच्या शेजारी बसून, टेप कापताना. कोल्हापुरातच बघ, पूर ओसरल्यावर सगळे कॅमेरे निघून जातात, पंचनामे मात्र तेव्हा सुरू होतात. फोनचा रेकॉर्डर घे, शिरोळच्या एका गल्लीत जा आणि एका घराचा पंचनामा सुरुवातीपासून पैसे हातात येईपर्यंत धरून ठेव, सहा महिने लागले तरी. मध्ये बोलू नकोस, माणसाला बोलू दे. झालं की मला पाठव, मी ऐकते.

कार्यक्रम कधी लागतो आणि इंग्रजी नीट समजत नसेल तर काय करायचं?
— बरेच जण

न्यूयॉर्कला सकाळी आठला, सोमवार ते शुक्रवार. म्हणजे आपल्याकडे उन्हाळ्यात संध्याकाळी साडेपाच, आणि नोव्हेंबर ते मार्च साडेसहा, कारण त्यांची घड्याळं बदलतात. युट्यूबवर आहे, त्यांच्या वेबसाइटवरही आहे, फुकट. पहिली दहा-बारा मिनिटं फक्त ठळक बातम्या असतात, वेळ नसेल तर तेवढंच ऐका. आणि प्रत्येक कार्यक्रमाचं शब्दन्‌शब्द टाइप केलेलं वेबसाइटवर मिळतं, तर आधी वाचून घ्या आणि मग ऐका, मी सुरुवातीला तसंच करायचे. अरुंधती रॉय यांच्या तिथे बऱ्याच मुलाखती आहेत, तिथून सुरू केलंत तर बोलणंही ओळखीचं वाटेल, विषयही.